एकदा वाजली तर ‘हो’

विश्वास ठेवा अशी गळ मी कुणालाच घालणार नाही. मलाही आधी पटलं नव्हतं.

पण जिच्या तोंडून मी हे ऐकलं ती माझी सख्खी मामेबहीण आहे. तिला थापा मारता येत नाहीत. लहानपणी पत्त्यांत लबाडी केली तरी हिचे कान लाल व्हायचे आणि डाव आम्ही जिंकायचो.

तिला आम्ही ताई म्हणतो. दातांची डॉक्टर आहे. दिवसभर लोकांच्या तोंडात डोकावायचं, रक्त पुसायचं, रडणाऱ्याला गप्प करायचं, असलं काम. भुताखेतांच्या गप्पा निघाल्या की ती सरळ जांभई द्यायची.

आता देत नाही. उठून बाहेर जाते.

आणि हे घडलं ते भर दुपारी. रविवारचा दिवस, लख्ख ऊन, खाली रस्त्यावर गाड्यांचे हॉर्न. तिसऱ्या मजल्यावरचं साधं तीन खोल्यांचं घर. भिंती नव्या, लाइट गेलेली नाही, शेजारी शिलाई मशीनची घरघर चालू.

घरात तेव्हा दोनच माणसं होती. ताई आणि तिचे सासरे. आमचे दाजी जहाजावर इंजिनिअर, महिनोन्महिने पाण्यावर.

तिसरं माणूस आदल्या वर्षी गेलं होतं.

लंबू.

लंबू म्हणजे ताईचा धाकटा दीर. इतका उंच, की दारातून येताना आपोआप मान झुकायची. नव्या माणसाला वाटायचं, किती नम्र मुलगा! व्हिडिओ गेमचं त्याला भयंकर वेड. कंट्रोलर हातात आला की घराला आग लागली तरी कळायचं नाही. सासरे वैतागून म्हणायचे, “तो रिमोट एक दिवस तुझ्या हाताला चिकटणार, बघ.” त्यांच्या लेखी बटणं असलेली प्रत्येक वस्तू रिमोटच.

मग लंबूला तो स्नायूंचा आजार झाला.

आधी पाय गेले. मग हात. मग जीभ. डोकं मात्र शेवटपर्यंत लख्ख. धडधाकट मन आणि त्याच्याभोवती न हलणारं अंग. सव्वासहा फुटांचा मुलगा स्वतःच्याच शरीरात कोंडला गेला होता.

शेवटी उजव्या हाताचा अंगठा तेवढा हलायचा.

त्याच्या एका मित्राने मग युक्ती काढली. लंबूचाच जुना कंट्रोलर त्याच्या हाताखाली ठेवला आणि त्याची वायर लॅपटॉपला जोडून दिली. अंगठ्याखालचं बटण दाबलं की लॅपटॉपमधून घंटी वाजायची. टिंग.

एकदा वाजली तर ‘हो’. दोनदा वाजली तर ‘नाही’.

त्या दोन शब्दांवर लंबू वर्षभर बोलला. रुसला, चिडला, थट्टासुद्धा केली. पुढे छातीत कफ भरला आणि तो हॉस्पिटलात गेला. नेताना गडबडीत कुणाचा तरी धक्का लागून ग्लुकोजचं पाणी त्या कंट्रोलरवर सांडलं. तेव्हा त्याच्याकडे बघायला कुणाला वेळ होता?

लंबू परत आला नाही. कंट्रोलर खणात पडला.

त्या रविवारच्या आदल्या दिवशी हॉस्पिटलमधल्या नर्सचा फोन आला. “मॅडम, वॉर्डात एक बाई आहेत. शाळेत शिकवायच्या. त्यांचंही अगदी तुमच्या दिरासारखंच झालंय. ती घंटीची सोय द्याल का?”

ताईने सासऱ्यांना विचारलं.

“दे,” ते म्हणाले. “पडून पडून काय करायचंय त्याचं.” आणि खिडकीकडे तोंड करून बसले.

तर रविवारी दुपारी ताईने जेवणाच्या टेबलावर जुना टॉवेल पसरला आणि कंट्रोलर घेऊन बसली. नेमकं अंगठ्याखालचंच बटण आत दबून बसलं होतं. वर यायलाच तयार नाही. जसं काही कुणीतरी ते अजून दाबून धरलंय.

तिने क्लिनिकमधून आपली हत्यारं आणली होती. दाताची कीड तपासायची बारीक आकडी, छोटा ब्रश, कापूस, स्पिरिट. पाठीमागचे स्क्रू काढले. दोन्ही फाका अलग केल्या. आत हिरवी पट्टी, तिच्यावर रबराची पातळ गादी आणि बटणाच्या कडेने सुकून काचेसारखा झालेला साखरेचा थर.

“हे तर दातावरच्या किटणासारखंच आहे,” ती स्वतःशीच म्हणाली.

स्पिरिटने भिजवलं. आकडीने कडेकडेने खरवडलं. थर सुटत आला आणि बटण...

टक्.

वर आलं.

ताई सांगते, त्या क्षणी शेजारची मशीन थांबली. योगायोगच असणार. पण घर एकदम पोकळ झाल्यासारखं वाटलं.

तिने सगळं जोडलं, वायर लॅपटॉपला लावली, बटण दाबलं. टिंग. छान. फक्त बटण अजून किंचित घासत होतं. मग तिने लॅपटॉप मिटला, वायर काढली, पुन्हा स्क्रू खोलले आणि बटणच बाहेर काढून तळहातावर घेतलं. कड पुसायला.

आणि...

टिंग.

ती थबकली.

बटण तिच्या तळहातावर होतं. वायर टेबलावरून खाली लोंबत होती. लॅपटॉप मिटलेला, समोरच.

आवाज समोरून आलाच नव्हता. आवाज लंबूच्या खोलीतून आला होता.

सासरे खुर्चीतून उठले. वर्षभराची सवय ती. घंटी वाजली की उठायचं.

“आलो रे,” ते म्हणाले आणि खोलीकडे निघाले. दारात पोचल्यावर त्यांचं त्यांनाच कळलं. चौकटीला धरून ते उभे राहिले. रिकामी कॉट. घडी घातलेली चादर.

“काय रे बाळा... पाणी हवंय?”

टिंग.

ताईच्या अंगावर सरसरून काटा आला. पण भीतीचा नव्हे, असं ती सांगते. तिला रडू फुटलं. ती धावत आत गेली.

“भाऊजी? तुम्ही आहात?”

टिंग.

दोघं त्या कॉटवर बसली आणि पोटभर रडली. मग विचारत सुटली. आता दुखत नाही ना? टिंग. आमची आठवण येते? टिंग. इथेच राहणार ना? टिंग.

नीट ऐका. दोघांनी तेच प्रश्न विचारले, ज्यांचं उत्तर त्यांना ‘हो’ हवं होतं.

पुढचे काही दिवस घरात जणू सण होता. सासरे दाढी करून, धुतलेला सदरा घालून सकाळीच त्या खोलीत जाऊन बसायचे. जेवणाचं ताटही तिथेच. ताई क्लिनिकमध्ये गुणगुणत काम करायची. पेशंट विचारायचे, “डॉक्टर, आज खुशीत दिसता?” तिने कुणालाच काही सांगितलं नाही. दाजींना फोन लावला, पण जहाज भर समुद्रात, लागला नाही. आणि तिला चक्क बरं वाटलं. कारण सांगितलं असतं तर दाजींनी प्रश्न विचारले असते.

मग एक दिवस ती संध्याकाळचा चहा करत होती. आतून सासऱ्यांचा आवाज आला.

“बाळा, बाहेरचा गोंगाट फार येतोय. दार लावू का?”

टिंग.

ताईच्या हातातलं पातेलं तसंच राहिलं.

लंबू कशालाही ‘हो’ म्हणाला असता. दार लावायला... कधीच नाही.

आजारात त्याला एकाच गोष्टीची दहशत बसली होती. बंद खोलीची. दार लोटलं गेलं, हाक द्यायला जीभ नाही, उठायला पाय नाहीत, तर? वाऱ्याने दार जरा हललं तरी त्याचे डोळे पांढरे व्हायचे. घंटी वाजवून वाजवून तो घर डोक्यावर घ्यायचा. शेवटी सासऱ्यांनी स्वतःच्या हातांनी त्या दाराच्या दोन्ही कड्या उपटून काढल्या होत्या. भोकं अजून तशीच होती.

ताई खोलीत गेली. सासऱ्यांनी दार लोटून घेतलं होतं.

“भाऊजी,” ती म्हणाली, “दिवा मालवू?”

टिंग.

“खिडकीपण बंद करू?”

टिंग.

“तुम्ही भाऊजीच ना?”

टिंग.

तिने ओठांवरून जीभ फिरवली.

“तू... भाऊजी नाहीस ना?”

काहीच नाही.

खोलीत कुणीतरी विचार करत असल्यासारखी शांतता...

टिंग.

“काय चालवलंयस पोरी!” सासरे भडकले. “असं उलटसुलट विचारून त्याला गोंधळवतेस का? आधीच बिचारा...”

“बाबा, ऐका तरी...”

“तू जा. चहा उतू जाईल.”

त्या घरात आल्यापासून सासरे तिच्यावर पहिल्यांदाच ओरडले होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी तिने कुणाला न सांगता कंट्रोलर, वायर, लॅपटॉप, सगळं पिशवीत भरलं आणि क्लिनिकवर नेलं. कपाटात टाकून कुलूप लावलं. दिवसभर तिथे चिडीचूप. बरं वाटलं तिला. संध्याकाळी घरी आली तर सासरे खोलीतून बोलले.

“आज आम्ही दिवसभर गप्पा मारल्या बघ.”

ताई चप्पल न काढता तशीच दारात उभी राहिली.

म्हणजे त्या वस्तूत काही नव्हतं. मग आपण ते बटण वर काढलं, तेव्हा नेमकं काय सुटलं?

त्याच दिवशी तिचा मला फोन आला. “बाबांना थोडे दिवस तुझ्याकडे ठेवून घेशील?” मी म्हटलं, “पाठव की. विचारायचं काय त्यात?” तिचा आवाज कसातरीच लागत होता. मला वाटलं, सर्दी असेल. पुढे विचारलं नाही.

सासरे येणार नव्हतेच. “त्याला एकट्याला टाकून जाऊ?” एवढंच त्यांचं म्हणणं. खिडकीचा पडदा आता कायम ओढलेला. खोलीला कोंदट वास यायला लागला होता. ताटातलं अन्न तसंच परत येत होतं.

त्यानंतरचा दिवस तिला सगळ्यात नीट आठवतो.

दुपारच्या पेशंटना तिने परत पाठवलं आणि लवकर घरी आली. ठरवूनच आली होती. रिक्षा खाली थांबवून ठेवायची, सासऱ्यांना दंडाला धरून न्यायचं, मग ते बोलोत न बोलोत. स्वयंपाकघरात जाऊन तिने फोन ओट्यावर ठेवला, खरकट्याने तुंबलेल्या सिंकमध्ये हात धुवायला नळ सोडला...

“पोरी.”

हाक खोलीतून आली. आवाज सासऱ्यांचाच. पण जड. तोंडात काहीतरी धरून बोलावं तसा.

नळ तसाच सोडून ती धावली.

आत अंधार होता. सासरे कॉटच्या कडेला बसले होते, हात मांडीवर. तिच्याकडे बघून ते हसले.

“बरं झालं आलीस. तो कधीचा तुझी वाट बघतोय.”

मागे दार लागलं.

आपटलं नाही. हळूच लागलं. कुणी आजारी माणूस झोपला असेल तर आपण लावतो ना... तसं.

ताई वळली आणि मूठ धरून ओढली. दार हललं नाही. कडी नव्हती, कुलूप नव्हतं, नुसतीच भोकं. तिने दोन्ही हातांनी ओढलं, भिंतीला पाय लावून ओढलं. दार भिंत झालं होतं.

“बाबा! मदत करा!”

“उठता येत नाही गं,” सासरे शांतपणे म्हणाले. “सकाळपासून पाय उचलत नाहीत.”

ताईने दार सोडलं.

आधी पाय.

तिने त्यांच्या गुडघ्यावर चिमटा काढला. जोरात. ते नुसते बघत राहिले.

ती खिडकीशी गेली. गज. पडदा ओढला तर बाहेर ऊन होतं, पण आत येत नव्हतं. काचेपाशीच थांबत होतं. समोरच्या इमारतीत एक बाई कपडे वाळत घालत होती. तिने काचेवर थापा मारल्या, घसा फुटेस्तोवर ओरडली. त्या बाईने वर पाहिलंसुद्धा नाही. चिमटे लावून आत निघून गेली.

“ओरडू नकोस,” सासरे म्हणाले. “बस इथे. बाळा, हिने बसायचं ना?”

टिंग.

“आम्ही दोघांनी इथेच राहायचं?”

टिंग.

“कायमचं?”

टिंग.

आवाज आता कॉटच्या उशीपाशी होता. अगदी जवळ. आणि ताईच्या ध्यानात आलं की पायांना मुंग्या आल्यात. तळवे लाकडासारखे झालेत. ती कॉटचा कठडा धरून उभी राहायला गेली आणि मटकन् खालीच बसली.

सासऱ्यांचे हात मांडीवरून घसरले. नुसतेच लोंबायला लागले.

मग हात.

ताई मला म्हणाली, “तेव्हा मी देवाचं नाव घ्यायला हवं होतं. घेतलं नाही. मला फक्त एवढं सुचलं की यांची जीभ जायच्या आत यांच्याशी बोललं पाहिजे.”

ती फरपटत त्यांच्यापाशी गेली. घाबरलेल्या पेशंटची धरतो तशी त्यांची हनुवटी धरली आणि चेहरा आपल्याकडे वळवला.

“बाबा. माझ्याकडे बघा. त्या दाराच्या कड्या कुणी काढल्या?”

“...मी.”

“का काढल्या?”

सासऱ्यांनी नजर उशीकडे वळवली.

“लंबूला दार लावलेलं चालायचं? सांगा ना! तुम्ही बाप आहात त्याचे. तुम्हाला माहीत नाही तर कुणाला माहीत?”

त्यांची नजर दारावरच्या भोकांवर गेली. डोळ्यांत पाणी भरलं. मला वाटतं, त्या म्हाताऱ्या माणसाला ते पहिल्याच दिवशी कळलं असणार. कळूनही नको होतं. पोरगा दुसऱ्यांदा कुणाला गमावायचा असतो?

मग ते बोलले. जीभ लुळी पडत चालली होती, शब्द ओले झाले होते.

“बाळा... संध्याकाळी... पेपर वाचून दाखवू? ऐकशील?”

टिंग. लगेच. जराही वेळ न लावता.

सासऱ्यांनी डोळे मिटले.

“रोज विचारायचो गं,” ते म्हणाले. “रोज. आणि तो रोज दोनदा वाजवायचा. ‘नाही’ म्हणून. मी तरी वाचायचोच. तो डोळ्यांनी हसायचा. एक दिवस ‘हो’ म्हणाला नाही, गधडा... शेवटच्या दिवशीही नाही.”

मग त्यांनी डोळे उघडले आणि उशीकडे बघत, आयुष्यात कधी वापरला नसेल अशा आवाजात विचारलं.

“कोण आहेस तू? माझ्या पोराच्या जागेवर का बसलायस?”

या प्रश्नाला ‘हो’ किंवा ‘नाही’ असं उत्तरच नव्हतं.

खोलीतली हवा जणू थांबली.

आणि मग... टिं..............

सुटलंच नाही ते. एकच सूर, न तुटणारा, कुणीतरी बटण सगळ्या जोराने दाबून धरल्यासारखा. वाढत गेला. ताईच्या दातांत घुसला. तिने कान झाकायला हात उचलले आणि हात अर्ध्यावरून खाली पडले. सासऱ्यांना हाक मारायला तोंड उघडलं.

जीभ हलली नाही.

ती सांगते, “लंबूला काय वाटत असेल ते तेव्हा मला कळलं. आतमध्ये मी ओरडत होते. एवढ्या मोठ्याने. आणि बाहेर काही नाही.”

किती वेळ गेला, तिला सांगता येत नाही.

दार उघडलं.

दारात शेजारच्या शिवणकाकू उभ्या होत्या. गळ्यात मापाची टेप, पाय घोट्यापर्यंत ओले. नुसत्या कोपराने दार लोटून त्या आत आल्या होत्या. एकदम उजेड पडला. तो सूर तुटला. ताईने श्वास घेतला आणि त्या श्वासाबरोबर तिची किंकाळी बाहेर पडली.

“अगं बाई!” काकू तिच्यापाशी बसल्या. “काय झालं हो डॉक्टरीणबाई? नळ चालू राहिलाय, पाणी जिन्यापर्यंत आलंय. मी माझ्याकडची तुमची जादा किल्ली घेऊन आले. आणि तुम्ही दोघं इथे अंधारात काय करताय?”

“दार... दार उघडत नव्हतं...”

“हे? हे तर उघडंच होतं. नुसतं लोटलेलं.”

“आमचा आवाज नाही आला तुम्हाला? मी केवढी ओरडत होते!”

“नाही हो. माणसाचा आवाज नाहीच आला.” काकूंनी सासऱ्यांच्या गार हातांवरून हात फिरवला. “घंटी तेवढी वाजत होती. म्हणून तर मी पाण्याचं सोडून आधी इकडे धावले.”

“सारखी वाजत होती ना? न थांबता?”

“छे. थांबून थांबून.” काकू म्हणाल्या. “तुमच्या लंबूची खूण मला काय ठाऊक नाही? वर्षभर भिंतीपलीकडून ऐकलीय मी. दोनदा वाजायची. थांबायची. परत दोनदा.”

ताईने उशीकडे पाहिलं.

“आणि आवाज या खोलीतून नव्हता येत,” काकू म्हणाल्या. “तुमच्या बाहेरच्या दारापाशी वाजत होती. मी उघडेपर्यंत.”

सासरे तेव्हा पहिल्यांदा मोठ्याने रडले.

त्याच संध्याकाळी दोघं माझ्याकडे आली. सासऱ्यांचे हात दोन दिवसांत सुधारले. पायांत बळ यायला वेळ लागला, अजून काठी लागते. डॉक्टरांनी नाना तपासण्या केल्या. काही निघालं नाही. वय झालंय, म्हणाले. ताईच्या पायांना तर काहीच झालेलं नव्हतं.

वॉर्डातल्या बाईंसाठी ताईने नवाकोरा कंट्रोलर विकत घेऊन दिला. जुना तिने काय केला, ते ती सांगत नाही. मीही खोदून विचारत नाही.

दाजी सुट्टीवर आले तेव्हा त्यांनी घर विकायचं म्हटलं. सासरे नको म्हणाले आणि दोघं परत तिथेच राहायला गेली. ते म्हणतात, दारापाशी कोण उभं होतं ते तुम्ही विसरताय. त्याला सोडून मी कुठे जाऊ? आणि आत कोण होतं, असं ताईने विचारलं की ते पेपर उघडून बसतात.

गेल्या महिन्यात मी कामानिमित्त त्यांच्या बाजूला गेलो होतो. म्हटलं, भेटून यावं. दिवेलागणीची वेळ. दार सताड उघडं. आत ताई मोबाइलवर काहीतरी बघत होती, सासरे खुर्चीत पेपर घेऊन बसलेले. मी चपला काढल्या आणि आपण बोलतो तसंच सहज बोलून गेलो.

“आत येऊ का?”

दोघांनी एकदम वर पाहिलं.

ताईच्या चेहऱ्यावरचा रंग उडाला. सासऱ्यांनी हातातला पेपर चुरगळला. कुणीच माझ्याकडे बघत नव्हतं. दोघंही कान देऊन ऐकत होती... आणि मग सासरे घाईघाईने, जवळजवळ ओरडूनच म्हणाले,

“ये, ये! तुला विचारायची काय गरज? तुला मी बोलावतोय!”

मी आत गेलो. चहा झाला, गप्पा झाल्या. निघताना ताई मला जिन्यापर्यंत सोडायला आली.

“काही ऐकू आलं का रे तुला? मघाशी, तू विचारलंस तेव्हा?”

मी म्हटलं, नाही.

खरं सांगायचं तर मला खात्री नाही. खाली रस्त्यावर एक सायकल गेली होती. बहुतेक तिचीच घंटी असेल.